भाषण नटीचं, नाव कुणाचं?

अभिनेत्री पटकथा लिहायला लागली की आपल्याकडे दोन फळ्या लगेच उभ्या राहतात. सावंतवाडी-कुडाळपासून रत्नागिरी-चिपळूणपर्यंत नाटकवाल्यांच्या कुठल्याही बैठकीत हा विषय काढून बघा. एक फळी म्हणते, भूमिका मिळेनाशा झाल्या की ह्यांना लेखणी आठवते. दुसरी म्हणते, बाईचं दुःख बाईच जाणे, तेव्हा गुणदोष राहू द्यात, आधी पाठीवर थाप द्या. पहिलीत कुजकेपणा आहे, दुसरीत दयाबुद्धी, आणि त्या बाईने लिहिलेलं पान दोघींनीही वाचलेलं नसतं. माझ्या मते अभिनेत्री लेखिका ‘होते’ हे वर्णनच मुळात चुकीचं आहे. उभं राहून, अडून, वाक्य फिरवून, दुसऱ्याच्या वाक्यातली खोट तोंडाने दुरुस्त करून ती वर्षानुवर्षं लिहीतच असते. एके दिवशी ती ते कागदावर उतरवते आणि खाली स्वतःचं नाव घालते, एवढाच फरक. भांडायचंच असेल तर त्या नावावरून आणि त्या नावामागून येणाऱ्या पैशावरून भांडू. तिच्या लायकीवरून कशाला?

हे कोकणातल्या माणसाला पटवून द्यावं लागतं याचंच नवल वाटतं. ज्या मुलखात कार्तिकापासून जत्रा सुरू झाल्या की देवळापुढे रात्र रात्र दशावतार चालतो, तिथे नट आणि लेखक यांच्यामध्ये कुंपण घातलं कुणी? पारंपरिक दशावताराला लिहिलेली संहिता नसते. कंपनी गावात येते, पेटारा उतरतो, ज्याचा तो आरसा पुढे धरून रंग लावायला बसतो आणि रंग लागता लागताच आख्यान ठरतं. अमुक राजा, त्याच्या दोन राण्या, सवतीचा कट, थोरलीला वनवास, शेवटी देव प्रकट. कोण कुणामागून जाणार एवढं पक्कं झालं की बस. पुढचं सगळं नट बाकड्यावर बसला की पेटी-मृदंगाच्या साथीने त्याच्या डोक्यातून येतं. त्याला ही मंडळी ‘भाषण’ म्हणतात. स्त्रीपार्टी करणारा गडी दाढी घोटून, नऊवारीच्या निऱ्या सारख्या करत मुकाट बसलेला असतो. तासाभराने तोच वनात सोडून दिलेल्या राणीच्या तोंडून नवऱ्याला असे सवाल घालतो की पुढे चटईवर बसलेल्या म्हाताऱ्या पदर डोळ्यांना लावतात. काल शेजारच्या गावात तेच आख्यान लागलं होतं आणि सवाल वेगळे होते. समोरचा राजपार्टी कच्चा असला तर हाच त्याला दुवा पुरवतो, पक्का असला तर बरोबर खिंडीत गाठतो. याला लेखन म्हणायचं नाही ते कशासाठी? कागद नाही म्हणून?

इथे समोरच्यांचा सगळ्यात वजनदार मुद्दा येतो आणि तो टाळून पुढे जाता येणार नाही. ऐन वेळी सुचणं वेगळं आणि रचना वेगळी. दशावतारी नटाला आख्यानाचा सांगाडा पुराणातून आयता मिळतो, पटकथा लिहिणाऱ्याला तो कुणी देत नाही. प्रेक्षकाला काय केव्हा सांगायचं, काय दडवायचं, पहिल्या दहा मिनिटांत सोडलेला धागा तासाभराने कुठे उचलायचा, हे हजरजबाबीपणाचं काम नव्हे. मान्य आहे. नटांनी लिहिलेल्या अशा कितीतरी संहिता वाचनात आल्या, ज्यांत एकेक प्रवेश लखलखतो आणि गोष्ट मात्र जागची हलत नाही. पण हा रोग फक्त नटांनाच होतो का? कवीच्या नाटकात, कादंबरीकाराच्या पटकथेत तो होत नाही? रचना ज्याची त्याला शिकावीच लागते, मग तो कुठल्याही दाराने आलेला असो. उलट टेबलाशी बसून लिहिणाऱ्याकडे नसलेली एक जमा अभिनेत्रीच्या खात्यावर असते. ती वाईट प्रवेशात उभी राहिलेली असते. प्रवेश पडला हे समीक्षकाला घरी गेल्यावर कळतं, तिला ते तिसऱ्याच वाक्याला पायाखाली कळतं. मालिकेच्या सेटवर पानं कधी सकाळी येतात, कधी जेवणाच्या सुट्टीत. मागच्या आठवड्यात सून जे बोलली त्याच्या नेमकं उलटं ती आज बोलणार असते. दिग्दर्शकाला दिवसाचे सीन संपवायचे असतात, चॅनेलला टीआरपी हवा असतो. अशा वेळी ती सून साकारणारी बाईच म्हणते, “हे वाक्य मी जरा फिरवून घेते हं.” मालिकेचे लेखक अधूनमधून बदलतात. पात्र मात्र तिच्या अंगावर असतं, त्याची आठवणही तिनेच ठेवलेली असते.

पुरुषांच्या बाबतीत आपण हा प्रश्न कधी विचारलाच नाही. 1880 साली शाकुंतल रंगभूमीवर आणताना अण्णासाहेब किर्लोस्कर स्वतः तोंडाला रंग लावून उभे होते. देवल नट होते, तालीममास्तर होते आणि 1899 ची शारदाही त्यांचीच. पु. ल. देशपांड्यांनी 1953 च्या ‘गुळाचा गणपती’त लेखन, दिग्दर्शन, संगीत आणि मुख्य भूमिका असं सगळंच अंगावर घेतलं, त्याला आपण कौतुकाने अष्टपैलुत्व म्हणतो. इतकं लांब कशाला जायचं? आकेरीत चित्रीकरण झालेल्या ‘रात्रीस खेळ चाले’मधला पांडू घ्या. पांडू करणारे प्रल्हाद कुडतरकर त्या मालिकेच्या लेखनातही होते. सिंधुदुर्गात घराघरांत पांडूच्या नकला झाल्या, पण “पांडवाक कामा गावनत नाय म्हणान लिवता” असं कुणी म्हटल्याचं ऐकलंय? आणि ‘वस्त्रहरण’? नाटक गंगाराम गवाणकरांचंच, त्यात वाद नाही. पण तात्या सरपंचाच्या तोंडची किती वाक्यं मूळ संहितेतली आणि किती मच्छिंद्र कांबळींच्या जिभेवर प्रयोगागणिक उगवलेली, याचा हिशेब लागणार आहे थोडाच? त्या भरीला आपण टाळ्या दिल्या. हीच भर एखाद्या नटीने घातली असती तर “आगाऊ आहे” हे विशेषण तयारच होतं.

आपल्याच मातीतली हिराबाई पेडणेकर इथे आठवल्याशिवाय राहत नाही. जन्म सावंतवाडीचा, कलावंतिणीच्या घरातला. मराठीतली आद्य स्त्री-नाटककार म्हणून तिचं नाव घेतात. ‘जयद्रथ विडंबन’ 1904 चं, म्हणजे तेव्हा तिने विशीही ओलांडलेली नव्हती. ‘संगीत दामिनी’ 1912 साली केशवराव भोसल्यांच्या ललितकलादर्शने रंगभूमीवर आणलं. ती गाणारी होती. बायकांच्या भूमिका पुरुषांनीच करायच्या अशा त्या काळात नाटक कंपनीच्या रंगमंचावर तिला जागा नव्हती. शब्द मात्र चालले. बाईचे शब्द पुरुषाने साडी नेसून म्हणायचे, अशी ती गंमत. कोल्हटकर, देवल, गडकरी यांच्यासारख्या नाटककारांशी तिची ऊठबस होती. पुढे ती मुंबई सोडून गुहागरजवळच्या पालशेतला येऊन राहिली आणि 1951 साली वारली. आता हिराबाई कुणाला कशी ठाऊक आहे ते बघा. वसंत कानेटकरांनी तिच्या आयुष्यावर नाटक बेतलं, त्यामुळे ती बऱ्याच जणांना नाटकातलं पात्र म्हणून माहीत आहे. तिने स्वतः लिहिलेल्या नाटकातलं एक पद, एक वाक्य गुहागर-चिपळूणकडच्या किती हौशी संस्थांना म्हणून दाखवता येईल? बाई पात्र झाली की आपल्या लक्षात राहते, लेखक झाली की विस्मरणात जाते. कानेटकरांना दोष द्यायचं कारण नाही, त्यांनी त्यांचं काम केलं. दामिनीची संहिता काढून तालीम लावायची राहिली ती आपली.

आता वयाचं. चाळिशी ओलांडली की अभिनेत्रीला आई आणि सासू सोडून फारसं काही मिळत नाही आणि मग ती लिहू लागते, यात तथ्य आहे. कुणी नाकारत असेल तर ते उगाच. पण गरजेपोटी केलेलं काम हलकं ठरतं, हे कुठलं शास्त्र? कर्जापायी लिहिलेल्या कादंबऱ्यांनी जगाची कपाटं भरलेली आहेत. शिवाय दर वेळी क्रम असाच असतो असंही नाही. अमेरिकेतली अभिनेत्री रूथ गॉर्डन पन्नाशीपासून नवऱ्याबरोबर पटकथा लिहीत होती, त्यांना ऑस्करची नामांकनं मिळाली, आणि अभिनयाचं ऑस्कर तिला मिळालं ते त्यानंतर, वयाच्या सत्तरीत. लेखणीने तिचा अभिनय संपवला नाही, की अभिनय संपला म्हणून लेखणी आली नाही. आणखी एक बघा. 1949 च्या ‘अॅडम्स रिब’ची पटकथा तिच्या नावावर आहे, पण त्यातली नायिका कॅथरिन हेपबर्न आहे.

कारण दुसरा आक्षेप तोच असतो, की नटी लिहिणार ती स्वतःसाठी आणि बाकीची पात्रं पुठ्ठ्याची ठेवणार. असं होतं, नाही असं नाही. पण हा मोह नटाला सुटतो का? निर्मात्याच्या पोराला सुटतो का? आणि उलट दाखले तर हाताशी आहेत. हनी इराणी बालकलाकार म्हणून पडद्यावर आली आणि मोठेपणी लेखिका झाली. ‘लम्हे’ आणि ‘क्या कहना’ या दोन चित्रपटांच्या कथांसाठी तिला फिल्मफेअर मिळालं आणि दोन्हींत नायिका दुसऱ्याच. रेणुका शहाणेंनी 2021 चा ‘त्रिभंग’ लिहिला, दिग्दर्शित केला आणि त्यातल्या तीन पिढ्यांच्या तिन्ही भूमिका तन्वी आझमी, काजोल आणि मिथिला पालकरच्या हाती दिल्या. त्याआधी त्यांनी ‘रीटा’ केला तो आईच्या, म्हणजे शांता गोखल्यांच्या कादंबरीवरून. शांताबाईंचा जन्म डहाणूचा, तेव्हा हेही कोकणच. मुख्य भूमिका मात्र पल्लवी जोशीची. मधुगंधा कुलकर्णी अभिनेत्री म्हणूनही लोकांना माहीत, पण 2014 च्या ‘एलिझाबेथ एकादशी’ची त्यांची कथा फिरते पंढरपुरातल्या एका पोराच्या सायकलीभोवती. आणि समजा स्वतःसाठी लिहिलंच, तर? एमा थॉम्पसनने जेन ऑस्टिनच्या कादंबरीची पटकथा केली, थोरल्या बहिणीचं काम स्वतःच केलं आणि लेखनाचं ऑस्कर घेऊन गेली. अभिनय आणि लेखन या दोन्हींसाठी ऑस्कर मिळवणारी ती आजवरची एकमेव व्यक्ती. भूमिका स्वतःसाठी लिहिली यात वाईट काही नाही, ती कच्ची लिहिली तर वाईट.

याच्याही खालच्या पट्टीत एक कुजबुज असते. “नवऱ्याने लिहून दिलं असेल.” दिग्दर्शकाच्या घरात नांदणाऱ्या प्रत्येक लेखिकेने ही ऐकलेली आहे. जर्मनीची थिआ फॉन हारबू आधी नाटकांत कामं करायची, मग पटकथा लिहू लागली. 1927 च्या ‘मेट्रोपोलिस’ची कादंबरीही तिची आणि पटकथाही. आज तो चित्रपट निघाला की नाव निघतं दिग्दर्शक नवऱ्याचं, फ्रिट्झ लॅंगचं. 1933 मध्ये दोघं वेगळी झाली, लॅंग देश सोडून गेला आणि ही पुढे कितीतरी वर्षं पटकथा लिहीत राहिली. नवरा लिहून देत होता तर मग ह्या कुणी लिहिल्या? तिचं नाव पुसट होण्यामागे दुसरंही कारण आहे, तेही सांगायला हवं. ती नाझी राजवटीत तिथेच राहिली आणि त्या राजवटीच्या सिनेमासृष्टीत काम करत राहिली. तो डाग धुऊन निघणारा नाही आणि मला तो धुवायचाही नाही. (याच बाईने पुढे लग्न केलं ते बेळगावकडच्या आयी तेंडुलकर या आपल्या मराठी माणसाशी. इतिहास कुठून कुठे फिरतो पाहा.) पण माणूस वाईट बाजूला उभा होता म्हणून त्याचं काम दुसऱ्याच्या नावावर चढवायचं, हा न्याय कुठला?

दुसऱ्या फळीशीही माझं तितकंच भांडण आहे. बाईचं दुःख बाईच लिहू शकते म्हणणाऱ्यांनी एकदा जत्रेत येऊन तो स्त्रीपार्टीवाला बघावा. शारदा पुरुषाने लिहिली आणि जरठ-कुमारी विवाहावर तिच्याइतका घाव क्वचितच कुणी घातला असेल. उलट हनी इराणीने ‘डर’ची कथा लिहिली, एका मुलीच्या मागे वेडा होऊन लागलेल्या पुरुषाची. तिने कुठल्या दुःखाच्या हक्काने लिहिली? हिराबाईने जयद्रथावर लिहिलं, ते तरी कुठे बायकी होतं? लेखिकेला ‘स्त्री-अनुभव’ नावाची एक खोली दिली की बाकीचं घर पुरुषांना मोकळं मिळतं. अशा कौतुकाची बोच पहिल्या फळीच्या टोमण्याहून जास्त, कारण टोमण्याला उत्तर देता येतं, कौतुकाला देता येत नाही.

एक आक्षेप मात्र खरोखर टोचतो. कणकवलीतला एखादा शाळामास्तर दहा वर्षं संहिता लिहितो, रात्रीच्या गाडीने मुंबईला जातो, कुठल्यातरी कार्यालयाच्या बाकावर दिवस काढतो आणि “ठेवून जा” हे दोन शब्द ऐकून परत येतो. चार मालिकांतून चेहरा घरोघरी पोचलेल्या अभिनेत्रीचं पहिलंच बाड मात्र निर्माता स्वतः फोन करून मागवतो. हा अन्याय आहे. त्याला झाकण घालण्यात अर्थ नाही आणि “तिनेही कष्टच केलेत” हे त्यावरचं उत्तर नव्हे. पण दार कोण उघडतं आणि कोण लावतं ते तरी नीट पाहू. मास्तरला बाकावर बसवून ठेवणारा आणि अभिनेत्रीचं बाड न वाचता जाहीर करून टाकणारा माणूस एकच आहे. त्याला दोघांचंही लेखन वाचायचं नसतं. एकाच्या नावाला भाव नाही म्हणून तो परतवतो, दुसरीच्या नावाला भाव आहे म्हणून ठेवून घेतो. निदान आपल्या हातातल्या एकांकिका स्पर्धांत, जिथे संहितेला वेगळं बक्षीस असतं, तिथे परीक्षकाकडे संहिता निनावी का जाऊ नये? पहिलं पान काढून क्रमांक टाकायचा, एवढंच काम. त्यात मास्तरचं भलं आहे आणि अभिनेत्रीचंही. तिला आयुष्यात एकदा तरी कळेल की तिचा चेहरा वजा जाता तिच्या लेखनाला काय किंमत आहे. मला भेटलेल्या लिहित्या नट्यांना हेच जाणून घ्यायचं असतं आणि हेच त्यांना कुणी कळू देत नाही.

शेवटी प्रश्न नावाचाच राहतो. हंसा वाडकर मूळची रतन साळगावकर. साळगावकर म्हटल्यावर आमच्याकडच्या माणसाचे कान टवकारणारच. तिने आपलं आयुष्य स्वतःच्या तोंडाने सांगितलं, अरुण साधूंनी शब्दांकन केलं आणि ‘सांगत्ये ऐका’ उभं राहिलं. मराठीत इतकं रोखठोक, इतकं बोलकं गद्य थोडं आहे. त्याच्या आधारे 1977 चा ‘भूमिका’ आला. पटकथेचं राष्ट्रीय पारितोषिक मिळालं ते श्याम बेनेगल, गिरीश कार्नाड आणि सत्यदेव दुबे या तिघांना, आणि नायिका झालेल्या स्मिता पाटीललाही राष्ट्रीय पारितोषिक मिळालं. चित्रपट थोर आहे आणि त्या तिघांची रचना खरोखर त्यांची आहे. हंसाबाई तर 1971 मध्येच गेलेल्या. तरी वाटणी कशी झाली ते बघण्यासारखं आहे. आयुष्य नटीचं, ते सांगण्याची ढबही नटीची, देह दुसऱ्या नटीचा, आणि लेखक म्हणून उभे राहिले तिघे पुरुष. कुणी कट केला नव्हता. वहिवाटच तशी होती.

आता त्या वहिवाटीला कायद्याचीही किनार आहे. 2012 मध्ये कॉपीराइट कायद्यात दुरुस्ती झाली आणि चित्रपटगृहाबाहेर चित्रपटाचा वापर होतो त्याच्या रॉयल्टीत लेखकाला वाटा मिळण्याचा हक्क आला. करारात सही घेऊनही तो काढून घेता येत नाही. म्हणजे ‘लेखक’ या शब्दाखाली कुणाचं नाव आहे याला आता मानाबरोबर पैशाचंही मोल आहे. सेटवर सात-आठ वर्षं वाक्यं दुरुस्त करणारी बाई त्या शब्दाखाली कुठेच नसते. तिला दिवसाचे पैसे मिळतात, ते तोंडाचे, डोक्याचे नव्हेत. म्हणून ती उठून स्वतः लिहायला बसते, तेव्हा तिने क्षेत्र बदललं असं म्हणणं मला पटत नाही. आजवर फुकट जात होतं त्याची पावती ती मागायला लागली आहे.

निर्माते लगेच म्हणतील, असं मोजायला लागलो तर दोन शब्द इकडचे तिकडे करणारा प्रत्येक नट हक्क सांगायला येईल, आणि कोण काय बोललं ह्याची नोंद ठेवणार कोण? पहिली भीती अगदीच खोटी नाही. ‘अतिरिक्त संवाद’ अशी पाटी कुठून पुढे लावायची, ह्याची रेघ लेखक आणि नट संघटनांना बसून आखावी लागेल आणि त्यात भांडणं होतील. नोंदीचं कारण मात्र कुणी सांगू नये. ज्या सेटवर सहायक दिग्दर्शक कंटिन्युटीची वही मांडीवर घेऊन बसलेला असतो, जिथे मागच्या शॉटला कपात चहा किती होता, हिरव्या बांगड्या किती आणि पदर कुठल्या खांद्यावर हे सगळं लिहून ठेवलं जातं, तिथे त्याच पानावर आजचं वाक्य कुणी बदललं हे लिहायला एक रकाना वाढवावा लागेल.